विठा म्हसकरचं लाल टेबल

विठा म्हसकरला लोक कटकटी म्हणायचे, चिकट म्हणायचे, आणि पाठीमागे आणखी काय काय म्हणायचे ते विचारू नका. तिला सगळं ऐकू यायचं. ऐकून न ऐकल्यासारखं करायचं आणि आपलं तेच खरं करायचं, ही तिची जुनी खोड. अंबरनाथच्या एमआयडीसीत वलेचाशेठची रंग तपासायची लॅब आहे. तिथं ती तेहतीस वर्षांपूर्वी काचेच्या बाटल्या धुवायला लागली. शिक्षण सातवी. मग सतरा नंबरचा फॉर्म भरून दहावी झाली, बाटल्या सुटल्या, रेकॉर्ड रूम मिळाली. आणि त्या खोलीची ती अशी मालकीण होऊन बसली की खुद्द शेठ दारात उभे राहून "विठाताई, येऊ का?" असं विचारायचे. विचारल्याशिवाय आत आले तर ती त्यांनाही बाहेर काढायची.

लॅबचं काम नाजूक. उल्हासनगरात जीन्स रंगवणारे, धुणारे, मुद्दाम विटवणारे कारखानदार ढिगानं आहेत. प्रत्येकाचा निळा वेगळा, आणि त्या निळ्याची रेसिपी म्हणजे त्याचा जीव की प्राण. कुठलं रसायन किती, पाणी किती गरम, कापड किती वेळ बुडवायचं, हे तो सख्ख्या भावाला सांगणार नाही. पण लॅबला सांगावंच लागतं, नाहीतर रंग टिकतो की नाही हे तपासणार कसं? आता गंमत बघा, एकमेकांचं तोंड न बघणारे दोन कारखानदार याच लॅबमध्ये येतात, एक सकाळी, एक दुपारी. एकाचं गुपित दुसऱ्याच्या हाती लागलं की लॅबला टाळंच.

म्हणून विठानं रेकॉर्ड रूममध्ये दोन रंग केले. तपासणीचे रिपोर्ट पांढऱ्या फितीत बांधायचे. ते ज्याचे त्याच्याकडे बाहेर जाणार. रेसिप्या लाल फितीत. त्या खोलीबाहेर जाणार नाहीत. लाल फाईल कोणी मागायची हे शेठनं ठरवून दिलं होतं, त्यात विठाचं काही नाही. विठाची खरी कटकट पुढं होती. तिनं एक टेबल लाल रंगवून घेतलं. लाल फाईल फक्त त्या टेबलावर उघडायची, आणि तिथं बसून जे काही लिहाल ते सगळं लाल. तुमची टिपणं लाल, चिठ्ठी लाल, कोपऱ्यात काढलेलं फूलसुद्धा लाल. पांढरा कागद लाल टेबलावर आणायला तिची ना नव्हती. पण टेबलावरचं काहीही उठून पांढऱ्यात जायचं नाही.

एकदा धर्मराज सर, म्हणजे लॅबचे मुख्य केमिस्ट, पीएच.डी. झालेले, त्या टेबलावर काम करता करता घरच्या भाजीची यादी लिहून बसले. मेथी, गवार, कोथिंबीर, आलं. उठताना यादी खिशात टाकली. विठानं हात पुढं केला. सर म्हणाले, "अहो ताई, कोथिंबीर आहे ती." विठा म्हणाली, "असेल. पण मी ती वाचून ठरवायला लागले, तर उद्या दुसरं काहीतरी वाचून ठरवावं लागेल. आणि मला रसायनातलं कळत नाही." सरांनी आवाज चढवला, शेठपर्यंत गेले, काही उपयोग झाला नाही. यादी लाल फितीत बांधली गेली आणि त्या दिवशी सरांच्या घरी पिठलं झालं.

पाठकोऱ्या कागदांवरूनही अशीच भांडणं. वलेचाशेठला कागद वाया गेलेला खपत नाही. एका बाजूनं वापरलेला कागद कापून त्याच्या चिठ्ठ्या करायच्या, हा लॅबचा रिवाज. सगळे पाठकोऱ्यांवर कच्चं लिहायचे. विठा लाल टेबलावरचा एकही पाठकोरा बाहेर सोडायची नाही, आणि शेठ कपाळाला हात लावायचे.

तीन वर्षांपूर्वी सगळं कॉम्प्युटरवर चढवायचं ठरलं. शहाडचा कल्पेश, स्वतःची छोटी सॉफ्टवेअर कंपनी असलेला, गळ्यात दोन फोन लटकवून आला. हुशार होता, यात वाद नाही. पण आपण हुशार आहोत हे त्याला जरा जास्तच माहीत होतं.

"मावशी, एकदम सिंपल," तो म्हणाला. "कुठली फाईल कोण उघडणार, त्याची यादी आपण टाकायची. ज्याचं नाव नाही त्याला ती दिसणारच नाही. टेन्शन खल्लास."

विठानं चष्मा पुसला. "आणि ज्याचं नाव आहे त्यानं लाल उघडली, आणि तिथलं पांढऱ्यात लिहिलं तर?"

"कशाला लिहील? तो तर भरोशाचा माणूस ना."

"माणूस भरोशाचा असतो रे. हात विसराळू असतो. लाल उघडी असताना पांढऱ्यात लिहिता येतं का, एवढं सांग."

"येतं ना. नाही आलं तर काम कसं होणार?"

"मग हे अर्धंच कुलूप आहे," विठा म्हणाली.

सगळे हसले. शेठ म्हणाले, "विठाताई, जमाना बदल गया है. अब आराम करो." लाल टेबल कँटीनमध्ये गेलं आणि विठाला एक खुर्ची, एक कॉम्प्युटर आणि जुने कागद स्कॅन करून जुळवायचं काम मिळालं. तिनं ते केलं. मान खाली घालून, एकही पान न चुकवता केलं. पण मनातून ती रुसली होती आणि ते रुसणं खरं होतं.

यंदाच्या मार्चमध्ये व्हायचं ते झालं. महिपती गायकर हे लॅबचं मोठं गिऱ्हाईक. वर्षभर खटपट करून त्यानं एक धुरकट निळा बसवला होता. बाजारात आणून पंधरा दिवस झाले नाहीत तोच उल्हासनगरच्याच कॅम्प एकमधल्या त्याच्या स्पर्धकानं हुबेहूब तसाच निळा काढला. रंग जुळला तर जुळला, योगायोग म्हणू. पण गायकरच्या एका माणसानं त्या कारखान्यात भिंतीवर चिकटवलेली रेसिपी पाहिली. तिच्यात कापड बुडवायची वेळ होती सव्वाचार मिनिटं. अख्ख्या उल्हासनगरात चार मिनिटं नाहीतर पाच. सव्वाचार फक्त महिपतीशेठचं, आणि लॅबशिवाय त्यानं ते कोणाला लिहून दिलं नव्हतं. म्हणजे कागद लॅबमधूनच गेला होता.

कॉम्प्युटरला विचारलं, ती लाल फाईल त्या महिन्यात कोणी कोणी उघडली? त्यानं तीन नावं दिली. धर्मराज सर. किर्ती, पंधरा वर्षं रिपोर्ट लिहिणारी केमिस्ट. आणि विठा, जिनं गायकरचे जुने कागद जुळवताना ती दोनदा उघडली होती. आता सर पीएच.डी., किर्ती एम.एस्सी., आणि विठा एकेकाळची बाटल्या धुणारी. त्यात विठाचा भाचा नितीन कॅम्प एकच्या त्याच कारखान्यात मशीनवर. झालं, लोकांना एवढं पुष्कळ झालं. कोणी तोंडावर चोर म्हटलं नाही. तोंडावर म्हटलं असतं तर तिनं उत्तर तरी दिलं असतं.

संध्याकाळी गेटवर वॉचमन रघुनं तिची पिशवी मागितली. "ताई, वरून ऑर्डर आहे," तो म्हणाला आणि त्यानं तिच्याकडे बघितलं नाही. रुमाल काढला, पाण्याची बाटली काढली, डबा उघडून बघितला. मागे बाकीचे थांबले होते. तेहतीस वर्षांत ज्या बाईनं एक चिठ्ठी बाहेर जाऊ दिली नव्हती, तिचा डबा हुंगत होते. विठाला संताप आला, आणि संतापापेक्षा लाज जास्त वाटली. शेठनं फोनवर सांगितलं, शनिवारपर्यंत घरी बसा. शनिवारी गायकर स्वतःचा जाणकार माणूस घेऊन येणार. तोवर खुलासा झाला नाही तर तो पोलिसात जाणार, आणि तक्रारीत नाव विठाचं टाकणार.

बदलापूरला हेंद्रेपाड्यात त्यांचं दोन खोल्यांचं घर. नवरा बारकू अजून वांगणीकडची थोडी शेती बघतो. त्यानं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाला, "नितीनला इचारून बघू काय?"

"नको," विठा म्हणाली. "मी त्याला विचारलं म्हणजे मीच त्याच्यावर संशय घेतला. त्यांनी माझ्यावर घेतला तसा."

"मंग बसून काय करशील?"

"विचार करीन. तेवढं तर घरी बसून करता येतं."

गुरुवारी सकाळी तिनं एक जुनी लग्नपत्रिका घेतली, तिच्या कोऱ्या बाजूला वर 'लाल' लिहिलं आणि खाली 'कॅम्प एक' लिहिलं. मधे तीन नावं. कागदाला पाय नसतात. तो एका हातातून दुसऱ्या हातात जातो. मग ज्यानं लाल उघडली आणि कॅम्प एकला काही लिहिलं, असा माणूस एकच पाहिजे. तिनं नावांवरून रेघा ओढल्या. धर्मराज सर लाल वाचतात, पण गिऱ्हाइकाला पत्र लिहीत नाहीत. ती रेघ तिथंच संपली. आपण लाल वाचली, पण बाहेर पाठवायचं बटण आपल्याकडे नाही. तीही रेघ संपली. किर्ती लाल वाचते. आणि तिनं ती उघडली त्याच आठवड्यात कॅम्प एकचा कपडे धुण्याचा रिपोर्टही तिनंच पाठवला होता. ही एकच रेघ वरपासून खालपर्यंत पोचली.

विठाला ते बघून आनंद झाला नाही. किर्ती चोर नाही, हे तिला स्वतःच्या नावाइतकं पक्कं माहीत होतं. मग तिला किर्तीची सवय आठवली. किर्तीला कोरा कागद घेऊन सुरुवात करणं जमायचंच नाही. जुना चांगला जमलेला रिपोर्ट घ्यायचा आणि त्यावर नवा चढवायचा. कागदाच्या काळात विठानं तिला शंभर वेळा अडवलं होतं. कॉम्प्युटरवर अडवायला कोण होतं? विठानं पेन खाली ठेवलं. खरं सांगितलं तर आपण सुटतो आणि ती पोरगी अडकते. नाही सांगितलं तर उलटं. शेवटी तिनं ठरवलं, सांगायचं, पण असं सांगायचं की बोट माणसाकडे जाणार नाही.

शनिवारी मीटिंगच्या खोलीत वलेचाशेठ, धर्मराज सर, किर्ती, कल्पेश आणि समोर महिपती गायकर. गायकर दांडगा माणूस, बोटात तीन अंगठ्या, आवाज असा की बोलला तरी ओरडल्यासारखा वाटावा. त्याच्याबरोबर शलाका नावाची तिशीची बाई, कॉम्प्युटरमधलं गुपित सुरक्षित कसं ठेवायचं याचीच तज्ज्ञ. विठाला कोणी बस म्हटलं नाही. ती उभीच राहिली.

"मला एकच मागायचंय," ती म्हणाली. "त्या आठवड्यात कॅम्प एकला गेलेला रिपोर्ट उघडा. पण त्याआधी महिपतीशेठनी बाहेर जावं."

गायकरचा चेहरा लाल झाला. "बाई, चोरी माझी झाली. आणि बाहेर मीच जायचं?"

"हो," विठा म्हणाली. "तो रिपोर्ट त्यांचा आहे. तुम्ही त्यांचे स्पर्धक. तुमचा कागद उघडायचा असता तर मी त्यांना बाहेर बसवलं असतं. तुम्ही समोर असताना तो पडद्यावर येणार नाही. मग माझं काय व्हायचं ते होवो."

शेठनं डोळे मिटून घेतले. मोठं गिऱ्हाईक हातचं गेलं असंच त्यांना वाटलं असणार. पण शलाकाच आधी उठली. "शेठ, चला. ताईंचं बरोबर आहे. मीही तुमच्याकडून आले आहे, मलाही ते दिसायला नको." आणि महिपती गायकर, ज्याला आजवर कोणी दाराबाहेर काढलं नव्हतं, तो व्हरांड्यातल्या प्लॅस्टिकच्या खुर्चीवर जाऊन बसला.

दार लागलं. कल्पेशनं रिपोर्ट उघडला. कपडा इतक्या वेळा धुतला, रंग इतका उतरला, खाली सही. एका पानाचा साधा रिपोर्ट. "बघा, काहीच नाही," तो म्हणाला.

"त्याची पाठ बघ."

"मावशी, कॉम्प्युटरच्या कागदाला पाठ नसते."

"असते," किर्ती म्हणाली. तिचा चेहरा पांढराफटक पडला होता. "मी महिपतीशेठच्या फाईलवरच हा चढवला होता. तिचा फॉरमॅट चांगला होता. त्या फाईलला मागे दुसरं पान असतं. कोणी पाठीमागून येऊन बघू नये म्हणून मी ते लपवून ठेवते. लपवलं की दिसत नाही, छापूनही येत नाही." तिनं स्वतःच माऊस हातात घेतला आणि दोनदा दाबलं. मागचं पान पुढं आलं. पूर्ण रेसिपी, ओळीनं. सव्वाचार मिनिटं.

गुपित राखायला म्हणून लपवलेलं पान गुपचूप वैऱ्याच्या घरी गेलं होतं. आता याला काय म्हणायचं?

किर्ती रडायला लागली. शेठ तिच्याकडे वळले तशी विठा मधे आली. "शेठ, हिला लाल उघडायची परवानगी तुम्ही दिलीत. बरोबर दिलीत. पांढरा लिहायची दिलीत, तीही बरोबर. दोन्ही बरोबर आहेत, फक्त एका वेळी दोन्ही उघड्या आहेत. अशा ठिकाणी आज हिच्या हातून गेलं, उद्या सरांच्या हातून जाईल. माझ्यावर आळ घेतलात तो पुसा. पण पुसून हिच्या अंगावर टाकू नका."

शेठनी गायकर आणि शलाकाला आत बोलावलं आणि उभं राहून सांगितलं, "साईं, रेसिपी इथूनच गेली. रिपोर्टच्या मागच्या पानावर चुकून गेली. चोर कोणीच नाही. सिस्टीम माझी, गलती माझी." मग ते विठाकडे वळले आणि सगळ्यांसमोर त्यांनी हात जोडले. "ताई, माफी."

आता गायकर काय म्हणतो याकडे सगळ्यांचे डोळे. तो अंगठ्या फिरवत बसला होता. "मी आज लॅब सोडायच्या तयारीनं आलो होतो," तो म्हणाला. "कॅम्प एकवाल्याशी माझं मी बघून घेईन. पण बाहेर बसल्या बसल्या विचार केला. या बाईवर मी चोरीचा आळ घेतला, आणि तिनं माझ्या वैऱ्याचा कागद मला बघू दिला नाही. मग माझा कागद ती कोणाला बघू देणार? मी कुठं जात नाही. फक्त कुलूप ताई म्हणतील तसं बसवा."

शलाकानं तेव्हा विचारलं, "ताई, लाल उघडल्यावर खाली, म्हणजे पांढऱ्यात, लिहायचं नाही, हा नियम तुम्ही कुठं शिकलात?"

"खळ्यावर," विठा म्हणाली. "आमच्याकडे भाताची झोडणी असते ना, तेव्हा बियाण्याचं भात आधी झोडायचं, स्वच्छ खळ्यावर. खायचं नंतर. बियाण्यातले चार दाणे खायच्या कणगीत गेले तर चालतं. खायचं बियाण्यात गेलं तर पुढच्या वर्षीचं शेत बिघडतं. एकाच दिशेनं जायचं, उलटं नाही. आणि खळ्यावर कोण उभं आहे, शहाणा की वेडा, याच्यावर ते सोडायचं नाही. इथं दिशा तेवढी फिरवली. पांढरं लालमध्ये गेलं तर चालेल, लाल पांढऱ्यात नाही."

शलाका हसायला लागली, आणि ते हसणं आदराचं होतं. ती म्हणाली, "हे दोन्ही नियम आम्हाला कॉलेजात शिकवतात. एक गुपित राखायचा, दुसरा शुद्धता राखायचा, आणि दोघांच्या दिशा बरोबर उलट्या. पन्नासेक वर्षांपूर्वी अमेरिकेत लष्कराच्या कॉम्प्युटरसाठी हा विचार गणिताच्या सूत्रांत मांडला. सुरुवात स्वच्छ असेल आणि प्रत्येक पाऊल नियमात असेल, तर कितीही पावलं टाका, गुपित खाली येत नाही, हे गणितानं सिद्ध करता येतं."

"गणित मला दहावीपुरतं येतं," विठा म्हणाली. "पण लाल टेबल होतं तोवर आलं नाही खाली, एवढं मला माहीत आहे."

कल्पेशचं एक मानलं पाहिजे, त्यानं सबबी सांगितल्या नाहीत. सोमवारी वही घेऊन तो विठाच्या खुर्चीशेजारी येऊन बसला. "मावशी, आता पहिल्यापासून सांगा," तो म्हणाला.

दोन महिने ते काम चाललं. विठानं सांगायचं, शलाकानं ते नियमात बसवायचं, कल्पेशनं लिहायचं आणि विठानं पुन्हा मोडून टाकायला लावायचं. कोणी लाल फाईल उघडली की त्या क्षणापासून त्याचं सगळं लिखाण लाल. फाईल बंद केली, तरी लाल उघडी असताना लिहिलेलं लालच. जुनं काढून त्यावर नवं चढवलं, तर नव्यालाही जुन्याचाच रंग. माणूस कोण आहे, साहेब की शिपाई, याचा काही संबंध नाही. कल्पेश म्हणाला, "पण मग रिपोर्ट बाहेर जाणार कसा? निकाल तर लाल कामातूनच येतो." हा प्रश्न चांगला होता आणि विठानं तसं म्हटलंही. मग एकच खिडकी ठेवली. तिथून कागद खाली यायचा तर दोन माणसांनी तो पुढून मागून बघायचा, दोघांच्या सह्या, आणि त्यातला एक तो कागद लिहिणारा नसावा. मोबाईलनं पडद्याचा फोटो काढला तर? त्याला कॉम्प्युटर काय करणार. विठानं दाराबाहेर मोबाईल ठेवायला खण करून घेतले आणि पहिला मोबाईल धर्मराज सरांचा ठेवून घेतला.

जूनमध्ये एक दिवस ठरवला. गायकर आला, शेठ आले, सगळी लॅब जमली. शलाकानं सांगितलं, आज प्रत्येकानं चोर व्हायचं. खोट्या रेसिपीची एक लाल फाईल ठेवली होती, ती कशीही करून पांढऱ्यात आणून दाखवायची. सकाळपासून लोक तुटून पडले. कोणी नक्कल करून चिकटवायला गेलं, कोणी नाव बदलून साठवायला गेलं, कोणी एक एक अक्षर टाइप करत बसलं. शलाकाला असल्या चाळीस युक्त्या येत होत्या, तिनं चाळीसही केल्या. किर्तीनं तिची जुनी सवय मुद्दाम करून बघितली. मागचं पान लपवलं, पुढचं बदललं आणि पाठवायचं बटण दाबलं. फाईल जागची हलली नाही. किर्तीनं मागे वळून विठाकडे बघितलं आणि त्या दिवसानंतर पहिल्यांदा मोकळी हसली. शेवटी शेठनी आपला मालकाचा पासवर्ड टाकला. मशीननं मालकालाही नकार दिला, तेव्हा गायकरनं टाळी वाजवली आणि मग सगळ्यांनीच वाजवल्या. विठाचा ऊर भरून आला. तिनं ते कोणापासून लपवलंही नाही.

टाळ्या संपल्यावर शेठनी खिशातून एक बंद लिफाफा काढला. "विठाताई, हे कल्पेशकडून मी मुद्दाम बनवून घेतलं. एक पासवर्ड आहे, त्याला कुठलाच नियम लागत नाही. लाल काय, पांढरं काय, सब कुछ. हा फक्त तुमच्याकडे. मेरा आप पे पूरा भरोसा है. त्या दिवशी जे झालं, त्यानंतर एवढं तर मला करायलाच पाहिजे."

लॅबमधल्या सगळ्यांना वाटलं, बाईच्या आयुष्याचं चीज झालं. शलाकाचा चेहरा मात्र उतरला. विठानं लिफाफा हातात घेतला, उलटा सुलटा करून बघितला आणि न उघडता कल्पेशसमोर ठेवला.

"हा काढून टाक," ती म्हणाली. "माझ्यासमोर काढ."

"ताई, नाराज आहात अजून?" शेठ गोंधळले.

"नाही शेठ. तुम्ही मनापासून देताय, मला कळतं." ती म्हणाली. "पण हा माझ्याकडे राहिला, की पुढं कधीतरी काही हरवलं तर पुन्हा माझी पिशवी बघायला लागेल. आणि मी नसेन तेव्हा ज्याच्याकडे हा जाईल त्याची. भरोसा नको मला. भरोसा कधी उडतो ते मी बघितलंय."

कल्पेशनं शेठकडे बघितलं. शेठनी मान हलवली. पासवर्ड सगळ्यांच्या डोळ्यांदेखत पुसला गेला. मग विठा खुर्चीवर बसली, तिनं स्वतःच्या नावानं लाल फाईल उघडली आणि त्यातली एक ओळ पांढऱ्या कागदावर उतरवून बाहेर पाठवायला गेली. दिवसभरात तेवढ्या एकाच व्यक्तीनं करून बघायचं राहिलं होतं.

मशीननं तिलाही नाही म्हटलं.

विठा म्हसकर मागे रेलून मोठ्यानं हसली. तेहतीस वर्षांत तिला असं हसताना लॅबमध्ये कोणी पाहिलं नव्हतं. "बघितलंत?" ती सगळ्यांना म्हणाली. "मला पाहिजे असलं तरी मी चोरी करू शकत नाही."